हरवलेला ताफा: ‘अथांग’ खेळाच्या प्रकल्प नोंदी

१२ मार्च २०२५, भुसावळ

खेळाचं नाव तूर्तास ‘अथांग’. टेबलाभोवती बसून चार-पाच जणांनी खेळायचा. फासे आहेत, पत्ते आहेत, पण मुख्य काम बोलण्याचं. एक जण सूत्रधार, बाकीचे शोधपथक. गोष्ट अशी: साठ वर्षांपूर्वी समुद्राचा तळ धुंडाळायला पाच नौकांचा ताफा निघाला आणि परत आला नाही. या जगात काळावर चालणारी एक विद्या आहे, आणि ताफ्यावरच्या लोकांना ती येत होती. त्यांचं काय झालं, ते खेळाडूंनी शोधायचं.

नौकांची नावं ठरली. संवत्सर, तिथी, प्रहर, घटका, पळ. संवत्सर सगळ्यांत मोठी, ती पाण्यावरच थांबते. पळ म्हणजे तीन माणसं मावतील एवढा धातूचा गोळा, तळाला फक्त तोच जातो. मधल्या तिघी एकेका टप्प्यापर्यंत उतरून थांबतात आणि निरोप वर-खाली पोचवतात.

चित्रांचं काम ताईकडे (चुलत बहीण, जळगावला असते). तिनं पहिल्याच फोनवर विचारलं, “अरे, आपण समुद्र बघायला गाडीत बसून मुंबईला जाणारी माणसं. समुद्र आणणार कुठून?” माझं उत्तर: तापीचं खोरं पाण्यानं भरायचं. उत्तरेला सातपुडा हा एक किनारा, दक्षिणेला अजिंठ्याचे डोंगर हा दुसरा, मधे पूर्व-पश्चिम लांबट समुद्र. तापीचं खोरं मुळात खचदरीतलं (जमीन खचून झालेल्या दरीतलं) आहे, त्यामुळे मधोमध खोल गर्ता दाखवताना फार खोटं बोलावं लागत नाही. रावेर-यावलला आज केळीच्या बागा आहेत, तिथे प्रवाळ. ताईला कल्पना पटली. फक्त बंदराचं नाव सावदा (हे रावेरकडचं गाव) ठेवू नकोस म्हणाली, लोक हसतील.

सावदाच ठेवणार.

१६ मार्च

एक नियम आजच लिहून टाकला: जादू फक्त काळाची. पाणी खरंच राहील. दोन्ही खोटं असलं की खेळाडूला पाय टेकायला जागा उरत नाही, मग तो म्हणतो, “जादूच आहे ना, मग काहीही होऊ दे.”

म्हणून खोलीच्या तक्त्यात खरे आकडे घातले. दर १० मीटरला एका वातावरणाएवढा दाब वाढतो, म्हणजे ६००० मीटरवर साधारण ६०० पट. सूर्यप्रकाश २०० मीटरनंतर नावापुरता, १००० मीटरच्या खाली काळोख. पाण्यात आवाज सेकंदाला सुमारे १५०० मीटर धावतो. ही शेवटची गोष्ट खेळाला फार उपयोगाची. १९६० साली २३ जानेवारीला झाक पिकार आणि डॉन वॉल्श ‘त्रिएस्त’ या खोल पाण्यातल्या नौकेतून मारियाना गर्तेच्या तळाला, सुमारे १०,९०० मीटरवर पोचले, तेव्हा त्यांचा आवाज वर यायला सातेक सेकंद लागत होते. प्रश्न विचारा, सात सेकंद थांबा, उत्तर निघालं की पुन्हा सात सेकंद. जादूचा एक शब्द न वापरता वरच्या आणि खालच्या माणसांच्या ‘आत्ता’मध्ये फट पडते. ती फट खेळात आधीपासून दिसली पाहिजे. पुढे ती रुंदावत नेता येईल.

पळ नौकेची मापं भारताच्या ‘समुद्रयान’ मोहिमेतल्या मत्स्य ६००० या पाणबुडीवरून घेतली: टायटॅनियमचा गोळा, व्यास २.१ मीटर, आत तीन माणसं, नेहमीचं काम १२ तासांचं आणि अडचण आली तर ९६ तासांची सोय. गच्चीवर खडूनं २.१ मीटरचं वर्तुळ काढलं आणि घरातल्या तिघांना आत बसवलं. गुडघ्याला गुडघे लागले. त्यात भिंती आतल्या बाजूला वळणार, यंत्रं असणार. आई वर्तुळातून उठताना म्हणाली, “यात बारा तास? लग्नाच्या टेंपोत यापेक्षा बरी जागा असते.”

३० मार्च, पाडवा

काळाच्या जादूचा पहिला आराखडा आज रद्द केला. मंत्र, निळा उजेड, भूतकाळात उडी, भविष्य दाखवणारा आरसा, सगळं गेलं. खेळाडू मागे जाऊन चूक दुरुस्त करू शकतो म्हटलं की तो दर वेळी तेच करणार, आणि कुठल्याच निर्णयाला वजन राहणार नाही. काळ मागे नेता येत नाही, एवढं पक्कं. तो कमी-जास्त वेगानं वाहू देता येतो. इतकीच विद्या.

याला खरा आधारही आहे. खोल जागी घड्याळ किंचित हळू चालतं, हे सापेक्षतेचं गणित आहे. मारियानाच्या तळाशी हा फरक दिवसाला एका सेकंदाच्या एक कोटीव्या भागाएवढा, म्हणजे माणसाला कधीच न कळणारा. निसर्गानं दार किलकिलं ठेवलंच आहे, ताफ्यावरच्या लोकांनी ते ढकललं, असं पुस्तिकेत लिहिणार.

किती ढकललं, ते आज नानांमुळे ठरलं. नाना म्हणजे शेजारचे निवृत्त मास्तर. पाडव्याला गल्लीत पंचांग तेच वाचतात. शके १९४७, विश्वावसु संवत्सर. वाचून झाल्यावर नेहमीप्रमाणे त्यांनी पोरांना सांगितलं की संवत्सरं साठ असतात, प्रभवापासून क्षयापर्यंत, आणि मग पुन्हा प्रभव. कडुनिंब चघळता चघळता डोक्यात आलं, घटकाही दिवसाला साठच. २४ मिनिटांची एक घटका, साठ घटकांचा एक दिवस.

म्हणजे खाली एक घटका, वर एक वर्ष. ताफा प्रभव संवत्सरात निघाला, आता पुन्हा प्रभव लागलंय. वर साठ वर्षं गेली, खाली पळ नौकेत एकच दिवस झालाय. हवा ९६ तासांची.

ती तिघं अजून जिवंत आहेत!

आतापर्यंत ही हरवलेल्यांचे सांगाडे शोधण्याची गोष्ट होती. ते आजपासून बंद.

६ एप्रिल

वेळ मोजायला टेबलावर मोबाइलचं टायमर नको, असं नानांनी बजावलं. “घटकेचा खेळ करतोस आणि घटिकापात्र नाही?” तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक, पाण्यात तरंगत सोडायची. भोकातून पाणी आत शिरतं, वाटी भरते, बुडते. बुडली की एक घटका. अहोरात्रात साठ वेळा बुडेल अशी वाटी घडवायची, हे जुन्या ज्योतिषग्रंथांतलं माप. लग्नघटिका मोजायला हीच वाटी असायची.

ही रचना हुशारीची आहे. भोक पडलेल्या घागरीतून पाणी गळतं ते आधी जोरात आणि मग मंद, कारण वरच्या पाण्याचा भार कमी होत जातो. सरळ भिंतीच्या तरंगत्या भांड्यात तसं होत नाही. आतल्या आणि बाहेरच्या पाण्याच्या पातळीतला फरक भांड्याच्या वजनानं ठरतो, आणि काठ बुडेपर्यंत तो तेवढाच राहतो. म्हणून पाणी एकाच गतीनं आत येतं. आमची वाटी अर्धगोल नको, उभ्या काठाची हवी, ती यासाठी.

बाजारातल्या तांबट काकांकडे गेलो. भांडं घेऊन त्याला मुद्दाम भोक पाडून मागणारं गिऱ्हाईक त्यांनी पाहिलं नव्हतं. २४ मिनिटं एका डावाला फार होतात, आम्हाला पाच-सहा मिनिटांची वाटी हवी. काकांनी सुईएवढं भोक पाडलं, बादलीत सोडली, आम्ही दोघं उकिडवे बसून बघत राहिलो. आधी काहीच होत नाही. मग बुडाशी पाण्याचा एक दोरा उभा राहतो, वाटी आपल्याभोवती हळू फिरू लागते. काठ पाण्याला टेकतो तेव्हा पाणी लगेच आत येत नाही, काठावर फुगून थांबतं, आणि मग एका बाजूनं सगळं एकदम. तळाला लागल्याचा ‘टण्’ आवाज बादलीतूनही ऐकू येतो. काकांनी दुसऱ्या गिऱ्हाइकाला थांबवून वाटी पुन्हा सोडायला लावली.

संध्याकाळी नानांनी भास्कराचार्यांची आख्यायिका सांगितली. त्यांची मुलगी लीलावती हिच्या लग्नाचा मुहूर्त मोजायला वाटी सोडली होती. ती वाकून बघत असताना तिच्या दागिन्यातला मोती वाटीत पडला आणि भोकावर बसला. वाटी बुडेना, मुहूर्त टळून गेला. ही गोष्ट अकबराच्या दरबारातला कवी फैजी यानं १५८७ मध्ये केलेल्या ‘लीलावती’ या भास्कराचार्यांच्या गणितग्रंथाच्या फारसी भाषांतरात येते. हाच फैजी १५९१ मध्ये अकबराचा दूत म्हणून बुऱ्हाणपूरला, खान्देशच्या राजे अली खानाकडे आला होता. आणि भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी त्यांचा नातू चांगदेव यानं मठ काढला तो चाळीसगावजवळच्या पाटणला. तिथला शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. गोष्ट फिरून फिरून आपल्याच जिल्ह्यात येते, मी काय करू?

नियम: ‘मोती’ हा पत्ता. तो पडला की त्या नौकेची वाटी बुडायची थांबते. आतल्यांचा काळ थांबला, वरच्यांचा चालू.

१३ एप्रिल

ताईचा पहिला नकाशा आला. सातपुड्याचा किनारा सुंदर, पण गर्ता निळी. काळी कर म्हणून सांगितलं.

३० एप्रिल, आखाजी (अक्षय्य तृतीया)

बहीण माहेरी आली, भाचा बरोबर. शिरपूरचा, नववीत, अहिराणी अस्सल. दुपारी आमरस-पुरणपोळी झाल्यावर बायका झोक्यांकडे गेल्या आणि आम्ही पहिला पूर्ण डाव लावला. मी सूत्रधार. खेळायला भाचा, नाना, ताई आणि ताईचे मिस्टर.

बघायची एकच गोष्ट होती: वाटीचा दाब जाणवतो का. जाणवतो. टायमर असता तर कोणी ढुंकूनही बघितलं नसतं. वाटी अर्धी भरली की बोलणं आपोआप जलद होतं. काठ पाण्याला आला तेव्हा ताईच्या मिस्टरांनी, जे एरवी बँकेतल्यासारखं तोलून मापून बोलतात, चक्क ओरडून सांगितलं, “दोर सोडा, दोर सोडा!”

मधेच भाचा म्हणाला, “मामा, वाटी बुडी नही राहिनी!” खरंच बुडत नव्हती. काढून बघितली तर भोकात आंब्याचा केसर अडकलेला, हात न धुता खेळायला बसल्याचा परिणाम. नाना खूश. “पडला मोती,” म्हणाले. तो डाव तसाच धरला: प्रहर नौकेचा काळ थांबला, बाकीचे पुढे गेले. पुस्तिकेत आता लिहिणार की वाटी कुठल्याही कारणानं थांबली तरी तो मोतीच. पत्त्यापेक्षा हे बरं, कारण कोणाच्याच हातात नाही.

तक्रारी दोन. एक, वर वर्षं जातात हे खेळाडूंना फक्त आकड्यात कळतं. मी म्हणायचो, “वर सात वर्षं झाली,” आणि ते “बरं” म्हणून फासा टाकायचे. भाचा दर घटकेला विचारत होता, “वर कितला वरीस व्हयनात?” आणि पाटीवर लिहीत होता, पण त्याला त्याचं काही वाटत नव्हतं. हा खेळाचा गाभा आहे आणि तोच कोरडा जातोय.

दुसरी तक्रार नानांची. त्रिएस्तची हकीकत मी मधे सांगितली होती. उतरायला जवळपास पावणेपाच तास लागले, तळाशी थांबली वीसच मिनिटं, आणि गाळ उसळल्यामुळे धड फोटोही मिळाला नाही. नानांनी लगेच मांडलं: उतरायला बारा घटका, तळाशी एक घटकासुद्धा नाही. “आणि तुझी माणसं तळाशी तासन् तास गप्पा मारतात.” बरोबर. तळावरचा डाव आता एका वाटीचाच. काय ते तेवढ्यात.

२५ मे

४३-४४ अंशांत गच्चीवर. शून्य सावलीचा दिवस. बांबू उभा केला, सूर्य डोक्यावर आला तेव्हा सावली बुंध्यातच विरून गेली. घड्याळात साडेबाराला पाचेक मिनिटं कमी होती. बारा नव्हे. भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची, भुसावळ ७५.८ च्या आसपास. एका अंशाला चार मिनिटं, म्हणजे आपला सूर्य वर्षाच्या सरासरीनं घड्याळाच्या जवळपास २७ मिनिटं मागे. १ जानेवारी १९०६ ला प्रमाणवेळ लागू होण्याआधी रेल्वे मद्रास वेळेवर चालायची, तेव्हा या जंक्शनवरचं घड्याळ गावाच्या सूर्यापुढे साधारण १८ मिनिटं पळत असणार. एकाच गावात दोन वेळा, आणि गाडी चुकणारा माणूस दोन्हींना शिव्या देत असेल.

खेळासाठी याहून मोलाचं काहीतरी नकाशात दिसलं. आपल्या जुन्या ज्योतिषांची मध्यरेखा लंकेपासून उज्जैनवरून मेरूपर्यंत जाते. उज्जैनचा रेखांश आणि भुसावळचा जवळजवळ एकच. ती रेघ खाली ओढत आणली की आमच्या गावावरून जाते. उज्जैनला माध्यान्ह तेव्हाच भुसावळला. खेळातल्या समुद्रात गर्तेचा सर्वांत खोल बिंदू इथेच. नकाशात फुली मारली. ताईला फोन केला तर म्हणाली, “म्हणजे तुझ्या घराखाली?” हो, साधारण.

ताफ्याची घड्याळंही आज ठरली. डार्विन ज्यावर होता ते बीगल जहाज १८३१ मध्ये निघालं तेव्हा त्यावर २२ कालमापक (जहाजावरची अचूक घड्याळं) होते. एकाच घड्याळावर भिस्त ठेवली तर ते चुकलंय हे कळायला मार्ग नाही, दोन असली तर कोणाचं खरं यावरून भांडण, तीन झाली की बहुमत. संवत्सर नौकेवर तीन. एका डावात दोन घड्याळांवर एकाच वेळी परिणाम होईल आणि बहुमत चुकीच्या बाजूला जाईल. ही खोडी खेळाडूंना आधी सांगायची नाही.

८ जून

आखाजीच्या पहिल्या तक्रारीचं उत्तर मिळालं. चांगदेवला गेलो होतो, तापी-पूर्णेच्या संगमावर. मुक्ताईची पालखी याच दिवसांत पंढरपूरकडे निघते, रस्त्यावर वारकऱ्यांच्या गाड्या होत्या. जुनं दगडी देऊळ, समोर पाणी. हे चांगदेव म्हणजे पाटणचे नव्हेत, योगी चांगदेव, ज्यांनी समाधी लावून मृत्यू चुकवला आणि चौदाशे वर्षं जगले असं सांगतात. काळाची विद्या येणारा माणूस आपल्या तालुक्याशेजारी बसलेला, आणि मी आरसे नि निळा उजेड शोधत होतो.

त्यांच्या पत्राची गोष्ट लहानपणापासून माहीत आहे. ज्ञानेश्वरांना पत्र लिहायचं, पण मायना काय लिहावा? वयानं लहान म्हणून ‘चिरंजीव’ म्हणावं, तर ज्ञानानं मोठे. ‘तीर्थस्वरूप’ म्हणावं, तर आपण चौदाशे वर्षांचे. शेवटी कोरा कागद पाठवला. मुक्ताई म्हणाली, चौदाशे वर्षं जगून हा कोराच राहिला. ज्ञानेश्वरांनी उत्तर म्हणून पासष्ट ओव्या धाडल्या.

तिथल्या पायरीवर बसूनच नियम लिहिला. पळ नौकेतल्या तिघांना वर निरोप पाठवता येतो. निरोप लिहायचा तर आधी मायना लिहायचा. एका खलाशानं घरी चार वर्षांचा मुलगा सोडलाय. खाली एक दिवस झालाय. वर तो मुलगा चौसष्टचा आहे, बापापेक्षा दुपटीनं मोठा, कदाचित आजोबा. चि. लिहायचं की ती.? खेळाडूनं खरोखर कागद-पेन घेऊन लिहायचं, आणि वाटी बुडायच्या आत. लिहिलं नाही तर वर कोरा कागद पोचतो.

वर बसलेल्या खेळाडूला उलटा प्रश्न. चौसष्ट वर्षांचा मुलगा तीस वर्षांच्या बापाला उत्तर लिहिताना अहो म्हणेल की अरे?

घरी आल्यावर आईवर प्रयोग केला. विचारलं, आजोबा आत्ता पंचविशीचे होऊन दारात आले तर काय म्हणशील? ती भांडी घासता घासता थांबली. “दादा म्हणेन. दुसरं काय म्हणणार? पण जेवायला वाढताना मुलासारखंच वाढेन.” हे वाक्य पुस्तिकेत जसंच्या तसं.

२९ जून

पुरावे. खेळाडूंना ताफ्याचं काय काय सापडणार, याची यादी केली आणि निम्मी खोडली. डायरीत सगळं नीट लिहून ठेवणारा मरणासन्न कप्तान नको. असं कोणी लिहीत नाही.

खऱ्या हरवलेल्या ताफ्यांत इंग्रज दर्यावर्दी फ्रँकलिनच्या ताफ्याचा नमुना सगळ्यांत चांगला. १८४५ साली त्याची एरेबस आणि टेरर ही जहाजं आर्क्टिकमध्ये गेली, १२९ माणसं संपली. त्यांचा अधिकृत म्हणावा असा एक छापील फॉर्म सापडला. त्यावर मे १८४७ ची नोंद: सर्व ठीक. त्याच कागदाच्या समासात, कडेकडेनं फिरवून, एप्रिल १८४८ ची नोंद: फ्रँकलिन ११ जून १८४७ लाच वारले, जहाजं सोडून निघालो आहोत. एकाच कागदावर दोन काळ, आणि दुसरा पहिल्याला घेरून. शिवाय पहिल्या नोंदीत हिवाळा कुठल्या वर्षी कुठे काढला त्याचं सालच चुकीचं. जहाजं सापडली ती २०१४ आणि २०१६ मध्ये, आणि ती कुठे आहेत हे इन्युइट (तिथले मूळ रहिवासी) लोक पिढ्यान् पिढ्या सांगत होते. म्हणून आमच्या सावदा बंदरातही एक म्हातारी कोळीण हवी, जी पहिल्या डावातच खरं सांगते आणि जिच्याकडे कोणी लक्ष देत नाही.

ताई तिथी नौकेचा फॉर्म त्याच धर्तीवर करतेय: मधे ‘सर्व ठीक’, समासात दुसरं हस्ताक्षर.

दुसरा पुरावा समुद्रतळाचा. खोल तळावर मँगनीजचे काळे बटाट्याएवढे गोळे पडलेले असतात. ‘गवेषणी’ जहाजानं २६ जानेवारी १९८१ ला असे गोळे वर काढले आणि तेव्हापासून भारत या कामात आहे. गोळा वाढतो तो एखाद्या कणाभोवती, कधी शार्कच्या दाताभोवती, थरावर थर, दहा लाख वर्षांत काही मिलिमीटर. पृथ्वीवर याहून सावकाश वाढणारं फार थोडं असेल.

खेळाडू असा एक गोळा फोडतात. आत रिव्हेट. पळ नौकेची, क्रमांकासह. वर चार सेंटिमीटरचा थर.

कोऱ्या पत्रावरून खाली एकच दिवस गेलाय. गोळ्यावरून त्याच जागी कोटभर वर्षं गेली आहेत. दोन्ही पुरावे खरे, खोटा कुठलाच नाही. गूढ म्हणून माहिती दडवून ठेवणारे खेळ मला आवडत नाहीत. सगळं हातात द्यावं आणि ते एकमेकांशी भांडावं.

१३ जुलै

गोळे तयार केले. प्लास्टर ऑफ पॅरिस, त्यात कोळशाची पूड, आत जुनी लोखंडी रिव्हेट. थर एकदम लावला तर फोडल्यावर पांढरट ढेकूळ दिसतं, म्हणून ब्रशनं पातळ हात देत गेलो, एक राखाडी, एक काळा. हातोडीनं फोडल्यावर आत कांद्यासारखी वलयं आली. रिव्हेटच्या डोक्यावर ताईनं ‘प’ कोरलाय. पावसाळी हवेत वाळायला फार वेळ लागतो, पंख्याखाली ठेवलेत.

३ ऑगस्ट

कानबाई, म्हणजे आमच्या खान्देशातला श्रावणातला सण. रोट. काम नाही.

१७ ऑगस्ट

दुसरा मोठा डाव, तीच मंडळी, शिवाय ताईच्या दोन मैत्रिणी ज्यांना खेळाबद्दल काही माहीत नव्हतं.

मायन्याचा नियम चालला. ताईचे मिस्टर पळ नौकेतला बाप झाले होते. पेन हातात घेऊन बसले, ‘चि.’ लिहिलं, खोडलं, ‘ती.’ लिहिलं, ते खोडलं. वाटीचा काठ पाण्याला आला. कागदावर दोन खोडलेले मायने आणि खाली काही नाही, असाच तो वर गेला. वर मुलगा होता आमचा भाचा. त्यानं कागद घेतला, बराच वेळ बघितला आणि सूत्रधाराला, म्हणजे मला, विचारलं, “मामा, ह्या कोऱ्या कागदाला उत्तर देता येतं का?” येतं म्हटलं. त्यानं एका ओळीत लिहिलं: आई गेली, घर आहे, या.

मैत्रिणींपैकी एक म्हणाली की इथे खेळ संपला तरी चालेल. नाही चालणार, तळ बाकी आहे. पण तिचं म्हणणं नोंदवून ठेवतो.

गोळा फोडल्यावर खरी चर्चा झाली. खेळाडूंनी स्वतःच मांडलं की मोती पडल्यावर आत जो काळ वाचतो तो नाहीसा होत नाही, नौकेच्या बाहेर साचतो, आणि त्या साचलेल्या काळात गोळे वाढले. माझ्या पुस्तिकेतलं उत्तरही हेच, त्यामुळे मी मनातून खूश. तेवढ्यात भाच्यानं पाटी पुढे केली. आत वाचलेली वर्षं साठ, ती पूर्ण धरली तरी. बाहेर साचलेली एक कोटी. “हिशेब जुयत नही मामा. बाकीना वरीस कोना शेतस?”

बाकीची वर्षं कोणाची, याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. पुस्तिकेतही नव्हतं. नाना चष्मा पुसत म्हणाले, “खातं एकाच गिऱ्हाइकाचं आहे असं कोणी सांगितलं? तुझा ताफा पहिला कशावरून?”

साठ वर्षं वाचवणारी एक नौका असेल, तर एक कोटीला अशा किती लागतील याचा भागाकार भाच्यानं तिथेच केला. दीड लाखाच्या वर. गर्तेच्या तळाशी, त्या फुलीवर, मोती अडकलेले दीड लाख गोळे एकमेकांना टेकून पडलेले, प्रत्येकात तीन माणसं, प्रत्येकाचा पहिलाच दिवस. कोणी पाठवले, कधी, ते खेळाडूंनी ठरवावं. मी ठरवणार नाही. तळावरचा शेवटचा डाव आता हा.

त्यासाठी ९६ तासांची हवा आणि वरची २४० वर्षं हा तक्ता पुन्हा करायला हवा. आधी एका नौकेच्या हिशेबानं केला होता.

२४ ऑगस्ट

छपाईवाल्यानं पत्ते दिलेल्या तारखेला दिले नाहीत, आता गणपतीनंतर. तोवर:

वाट्या उभ्या काठाच्या, तांबट काकांकडून, भोकं एका मापाची आहेत का ते बादलीत तपासूनच घेणे. उन्हाळ्यात पाणी गरम असताना वाटी लवकर बुडत होती, तेव्हा पुस्तिकेत ‘माठातलं पाणी वापरा’ असं लिहिणे. बोअरच्या पाण्याचा क्षार भोकात बसतो, सुई सोबत देणे.

ताईकडून: नकाशात फुलीच्या जागी आता फुली नको, बारीक ठिपके. किती, ते तिनं ठरवावं, पण मोजता येऊ नयेत इतके.

आईचं वाक्य कोऱ्या पत्राच्या पत्त्यावर छापायचं की पुस्तिकेत, हे बाकी. आई म्हणते कुठेच नको.